रेफरीच्या कागदावरचं नाव

माझ्या नातवाला कोणी मोठा खेळाडू म्हणत नव्हतं, मीही नाही. बचावाला उभा राहायचा. पाय लांब, धाव बेताची. जिल्ह्याच्या पुरुषांच्या फुटबॉल संघात त्याची निवड झाली ती शेवटच्या दोघा-तिघांत. संभागाचे, म्हणजे विभागाचे, खेळ त्या वर्षी आमच्या जबलपूरलाच होते. आजूबाजूच्या जिल्ह्यांचे संघ आले होते. कबड्डी एकीकडे, दौड एकीकडे आणि मागच्या मोठ्या मैदानावर फुटबॉल. तो रोज सकाळी किट घालून जायचा आणि तसाच कोरा परत यायचा. किट धुवायला पडायचं नाही, त्यावरून मला कळायचं की आजही बाकावरच बसला.

त्याचं वय संपत आलं होतं. खेळाडूंच्या कोट्यातली नोकरी पंचविशीपर्यंतच, असं भरतीच्या कागदात लिहिलेलं होतं. अर्जाला संभागाचं सर्टिफिकेट लागायचं. ते पहिल्या तीन संघांना मिळतं, पण त्यातही एक मेख होती. ज्याचं नाव रेफरीच्या कागदावर मैदानात उतरलेला म्हणून लागेल, त्यालाच मिळायचं. नुसतं बाकावर बसणाऱ्याला नाही. म्हणून कोच लोकांची एक रीत आहे. आपण गोलने पुढे असलो की शेवटच्या मिनिटांत बाकावरचे एकेक आत सोडायचे. चेंडूला पाय लागला नाही तरी चालतं, नाव लागतं.

तिसऱ्या नंबरासाठीच्या मॅचला त्यांच्या सरांनी त्याला तसा शब्द दिला होता, म्हणून मी गेले. शाळा चौथीपर्यंतच झाली माझी, पण आमचे हे फॅक्टरीच्या टीममध्ये खेळायचे, तेव्हापासून ऑफसाइड मला समजतो. बाकामागे शामियाना होता. तिथे कोणीतरी मला प्लास्टिकची खुर्ची दिली.

पहिल्या हाफमध्ये काही झालं नाही. दोन्ही संघ भीतभीत खेळले. आमच्या संघात कुंडम गावाकडचा एक जण होता, उंच, रुंद पायाचा. सगळा खेळ त्याच्यावर होता. मधल्या सुट्टीत तो लंगडत आला. त्याच्या बुटाचा तळवा अर्ध्यापर्यंत उघडला होता. सुतळीने बांधून पाहिला, राहिला नाही. त्याचे पाय दहा नंबरचे, आणि संघात दहा नंबरचे पाय आणखी एकाचेच, माझ्या नातवाचे.

त्याने बूट मागितले. नातवाने माझ्याकडे पाहिलं.

मी म्हटलं, "दे. तू तर बसूनच आहेस. हा थांबला तर मॅच गेली, मग तुझं सर्टिफिकेट कुठून येते?"

त्याने बूट काढून दिले आणि चपला घालून बसला. माझं बोलणं तेव्हा मला शहाणपणाचं वाटलं.

आणि गोल त्या कुंडमवाल्यानेच केला. लोक उठून उभे राहिले, मी बसून राहिले. आता नातवाचं नाव लागणार, एवढंच माझ्या डोक्यात होतं. सरांनी एकेक बदलायला सुरुवात केली. शेवटी एकच बदल उरला आणि बाकावर दोघे, माझा नातू आणि गढा मोहल्ल्यातला एक पोरगा. सर वळले आणि नातवाला म्हणाले, "चल, उठ."

तो उठला. सरांनी खाली पाहिलं. "जूते कहाँ हैं?"

त्याने मैदानाकडे बोट केलं.

गढ्याचा हसला. "भैया, नंगे पाँव उतर जाओ. पुराने लोग तो ऐसे ही खेलते थे."

रेफरी अनवाणी किंवा फाटक्या बुटात कोणाला उतरू देत नाही. बाहेर आलेल्या दोघा-तिघांनी आपापले बूट काढून दिले. नातवाची टाच आत जाईना. मग तो सरांना म्हणाला, "कुंडमवाले को निकाल लो सर, वहीं लाइन पर बदल लेंगे."

"उसको निकाला तो मैच गया. एक ही गोल है."

सरांनी घड्याळ पाहिलं आणि गढ्याच्या पोराच्या पाठीवर हात मारून त्याला आत पाठवलं. पाचेक मिनिटांत शिट्टी झाली. आम्ही जिंकलो. बाकीच्यांनी कुंडमवाल्याला उचलून घेतलं. त्याच्या पायात आमचेच बूट होते.

मैदान रिकामं होत असताना सर आमच्याकडे आले. आवाज खाली करून म्हणाले, "माताजी, कागज अभी जमा नहीं हुआ है. लिखने वाला अपना आदमी है." त्यांचं म्हणणं सरळ होतं. शेवटचा बदल म्हणून गढ्याच्या पोराचं नाव लागलं आहे, ते काढून नातवाचं लावता येईल. तो पोरगा वीस-एकवीसचा. त्याच्याकडे अजून चार वर्षं आहेत, याच्याकडे एकही नाही.

मी फार विचार केला नाही. म्हटलं, "लिहा."

सरांना मराठी येत नाही, पण एवढं त्यांना कळलं. ते टेबलाकडे वळले तसा नातू म्हणाला, "नहीं सर. वो उतरा था."

"सोच ले."

"सोच लिया."

सर निघून गेले. मला नातवाचा संताप आला. त्याचाच नाही, स्वतःचाही आला, पण तो मी त्याच्यावरच काढला. ऑटोत त्याला म्हटलं, "मोठा आला राजा हरिश्चंद्र. घरी बसून काय करशील आता?"

तो बाहेर पाहत होता. मग त्याच्या मोडक्या मराठीत म्हणाला, "आजी, तू 'लिहा' काहून बोलली?"

"तुझ्यासाठी बोलली."

"बूट दे, ते पण माझ्यासाठीच बोलली होती."

त्यात टोमणा नव्हता. तो खरं तेच सांगून राहिला होता. चुकीची माफी मागायची आमच्या घरात कोणाला सवय नाही, मलाही लागलेली नव्हती.

पावसाळ्यात त्याचं वय संपलं. आता तो इथून जवळच्या पाटनला बियाण्याच्या दुकानात कामाला आहे, रोज बसने जातो-येतो. वाईट चाललं नाही. चांगलं चाललं आहे असंही मी म्हणणार नाही.

मागच्या वर्षी गढ्याच्या बाजारात तो पोरगा मला भेटला. त्याला नोकरी लागली होती. त्याच सर्टिफिकेटवर लागली, असं त्यानेच सांगितलं आणि माझी पिशवी हातात घेतली. मला ते सहन झालं नाही. लहानपणापासून पोटात काही ठेवता येत नाही मला. मी हिंदीत त्याला सांगितलं, "तुझं नाव काढून माझ्या नातवाचं लावा, असं मी तुझ्या सरांना म्हटलं होतं."

तो म्हणाला, "मालूम है, आजी. मैं पीछे ही बैठा था, मोजे उतार रहा था."

"मग बोलला काहून नाहीस?"

"भैया ने बोल दिया था ना."

त्याने पिशवी कोपऱ्यापर्यंत आणून दिली आणि गेला. पिशवी मी परत मागितली नव्हती, घेतलीही नव्हती.

घरी आल्यावर तो भेटल्याचं मी नातवाला सांगितलं. नोकरीचंही सांगितलं. "अच्छा है," म्हणून तो जेवायला बसला. त्या पोराने त्या दिवशी सगळं ऐकलं होतं, हे मात्र मी त्याला सांगितलं नाही. दोन वेळा तोंडापर्यंत आलं. मी "लिहा" म्हटलं ते तिसऱ्या माणसानेही ऐकलं होतं, हे नातवाला कळावं असं मला वाटत नाही. त्याला माहीत आहे, तेवढंच मला जड जातं.