गोऱ्याच्या गावाचा नकाशा

मी चौथीपर्यंत शाळेत गेलो, पण चौथी पास नाही. रेल्वेत मात्र चौतीस वर्षं चावीवाला होतो. रूळ धरून ठेवणारी लोखंडी चावी गाडीच्या धक्क्यानं सैल होते, ती रोज चालत जाऊन हातोड्यानं ठोकायची, हे माझं काम. माझ्या टापूत एक डबा कधी रुळावरून उतरला नाही. हे आधी सांगून ठेवतो, कारण पुढं मी एका म्हाताऱ्यावर कसा जळलो ते सांगणार आहे, आणि रिकामा बसून होता म्हणून जळला असं कुणी म्हणायला नको.

आता मी इथं सिंगापूरला मुलाकडं राहतो. वुडलँड्सला अकराव्या मजल्यावर फ्लॅट. मुलगा सकाळी एमआरटीनं, म्हणजे इथल्या मेट्रोनं, वन-नॉर्थला कामाला जातो, सूनही कामाला. घरात मी आणि दहा वर्षांची नात. इथं बिल्डिंगखाली नुसते खांब असतात आणि मोकळी जागा, तिथं बाकांवर म्हातारी माणसं बसतात. त्यात एक गोरा होता. इंग्लंडचा, पण इथलीच चिनी बायको केलेली, आयुष्य इथंच गेलेलं. अर्धी चड्डी, पायावर निळ्या शिरा. माझं त्याच्याशी वाकडं काही नव्हतं. मान हलवायचो.

नातीला शाळेतून एक प्रोजेक्ट मिळालं. एखाद्या वयस्कर माणसाला विचारून त्याच्या लहानपणच्या गावाचा नकाशा काढायचा, लोक कुठून कसे जात-येत ते लिहायचं. मला हे सुनेकडून कळलं, तेसुद्धा काम निम्मं झाल्यावर. पोरगी चार दिवस शाळेतून आली की दप्तरासकट खालीच थांबत होती, गोऱ्यापाशी. मी वर दूध तापवून ठेवत होतो आणि त्यावर साय धरत होती.

नकाशा जेवणाच्या टेबलावर पसरलेला होता. मी चष्मा लावून बघितला. टेकाडावर चर्च. त्या चर्चच्या हद्दीत जेवढी घरं-शेतं येतात तेवढ्याला ते लोक एक गाव धरतात, असं सुनेनं सांगितलं. एक ओढा, सफरचंदांच्या बागा, जमीनदाराचा वाडा, शाळा. आणि गावापासून चांगलं लांब, खाली ओढ्याच्या काठाला, स्टेशन. एकेरी लाईन, एका टोकाला बोगदा, मध्ये ओढ्यावरचा पूल. तिथून सकाळच्या गाडीनं दुधाच्या बरण्या शहराला जायच्या, म्हणे, आणि त्याच गाडीनं गोरा शहरातल्या मोठ्या शाळेला.

रेल्वे. आमच्या घरात, माझ्या टेबलावर, माझ्या नातीच्या हातची रेल्वे, आणि ती शिकवली कुणी, तर जो आयुष्यात फक्त खिडकीत बसून गेला त्यानं. मला जेवण गेलं नाही. मुलगा म्हणाला, अण्णा, पोरीचं प्रोजेक्ट आहे, तुम्ही कशाला मनाला लावून घेता. मी म्हणालो, मी कशाला लावून घेऊ, फक्त नकाशा चुकलाय.

दुसऱ्या दिवशी मी नकाशाची गुंडाळी बगलेत मारून नातीबरोबर खाली उतरलो. मला हिंदी येतं, आणि इंग्रजी रेल्वेपुरतं. बाकीचं नात सांगणार. मी बाकावर नकाशा पसरला आणि स्टेशनावर बोट ठेवलं. पाण्याच्या पोटात स्टेशन कुणी बांधतं का, विचार त्याला.

गोरा हसला नाही, हे त्याचं चांगलं. नीट सांगितलं. जमीनदाराला वाड्याजवळ धूर नको होता, म्हणून स्टेशन खाली ढकललं, आणि दर हिवाळ्यात फलाटाला पाणी लागायचं. म्हणजे बांधणारा गाढव होता, नकाशा बरोबर होता. नात माझ्याकडं बघत होती. माझे कान तापले.

उठून जायला पाहिजे होतं. पण मी पुन्हा वाकलो. लाईन बोटानं धरून या कडेपासून त्या कडेपर्यंत गेलो, जशी पायी जायचो तशी. मग विचारलं, रूळ राखणाऱ्या गँगची झोपडी कुठंय? पाऊस आला की हत्यारं घेऊन माणसं कुठं बसायची? रूळ बघायला कोण चालायचं?

नातीनं विचारलं.  होता एक माणूस, गोरा म्हणाला. हातोडा खांद्यावर असायचा. गाडी आली की बाजूला उभा राहायचा, आम्ही पोरं हात करायचो, तोही करायचा. झोपडीतून धूर दिसायचा. त्याचं नाव कधी विचारलं नाही.

"आजोबा, तो माणूस म्हणजे तुमच्यासारखा?" नात म्हणाली.

"माझ्यासारखा नाही. माझंच काम ते."

मग गोऱ्यानं विचारलं की तो माणूस चालताना बघायचा काय. मी सांगितलं. चावी घट्ट असली की ठोका कसा वाजतो आणि सैल असली की कसा, ते बाकाच्या कडेवर किल्लीनं वाजवून दाखवलं. दोघं ऐकत होती. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. पण नात वहीत लिहायला लागली, आणि वहीच्या वर ठळक अक्षरांत गोऱ्याच्या गावाचं नाव. माझा ठोका त्याच्या गावात जमा झाला.

"मला का नाही विचारलंस?" मी म्हणालो. त्याच्यासमोरच म्हणालो.

"विचारलं होतं. तुम्ही म्हणालात, तिथं काही नाही. फक्त दगड आणि ऊन. नथिंग लाह, मग मी काय काढू?" इथल्या पोरांसारखं तीही बोलताना शेवटी लाह लावते.

म्हणालो होतो. जेवताना म्हणालो असेन, हात धुवेपर्यंत विसरलो असेन. तिलाच नाही, सगळ्यांनाच म्हणत आलो. इथं पुण्या-मुंबईची शिकलेली मंडळी भेटली, गाव विचारलं, की छाती काढून सांगायचो, तिथं काही नाही हो, म्हणून तर पोराला तिथून काढला. त्यात माझी फुशारकी होती. पोरीनं ती खरी धरली.

मी म्हणालो, बरं, आता काढ. ती म्हणाली, उद्या द्यायचंय. गोरा तिच्या कानाशी काहीतरी बोलला, आणि तिनं काळं पेन उघडून मला विचारलं, झोपडी कुठं काढू? गोऱ्यानं बोगद्याच्या तोंडाशी बोट दाखवलं. मी म्हणालो, तिथं नसणार, ओढ्याच्या पुलापाशी असणार, पाण्यावर नजर ठेवायला लागते. गोऱ्यानं डोळे मिटले, मग मान हलवली. पुलापाशीच होती. नातीनं नखाएवढा चौकोन काढला.

तो नकाशा शाळेत गेला. वर नाव गोऱ्याच्याच गावाचं.

नंतर दोन दिवसांनी मी नातीकडून कोरा कागद मागून घेतला आणि दुपारी खाली जाऊन त्याच बाकावर बसलो. आधी लाईन ओढली, मग नदी, मग स्टेशन ते गाव दीड कोसाची बैलगाडीची वाट. जनावरांचा बाजार, दर्गा, लमाणांचा तांडा. कागद पुरेना, वाट वाकडी करावी लागली. नात शाळेतून आली ती दप्तर टाकून शेजारी बसली. गोराही आला, वाकून बघायला लागला, आणि तांड्यावर बोट ठेवून इंग्रजीत काहीतरी विचारलं. मी त्याला उत्तर दिलं नाही. नातीनं तेच मराठीत विचारलं, तेव्हा सांगितलं.