एक राजा पांढऱ्यात, एक काळ्यात

पनवेलच्या मासळी बाजारात आईचा सुक्या मासळीचा ठेला आहे. तिचं माहेर करंजाचं, बोंबील-वाकट्या तिकडूनच येतात. बाबा बंदरावर कामाला होते, ते लवकर गेले. मग आईने घर चालवलं, मला शिकवलं आणि दादाला बुद्धिबळ खेळू दिलं. शेवटचं सगळ्यात अवघड होतं, कारण या खेळात नक्की काय करतात हे तिला कधीच समजलं नाही. हत्ती सरळ जातो आणि उंट तिरका, एवढ्यावरच तिचं डोकं दुखायला लागे.

दादा मात्र झपाट्याने वर गेला. खारघरच्या शाळांतल्या स्पर्धा, मग राज्य, मग देश, मग परदेश. इंटरनॅशनल मास्टर झाला तेव्हा चौकात त्याचा फलक लागला आणि ज्यांना पटावर घरं किती असतात तेही ठाऊक नव्हतं, ते नेते त्यावर दादापेक्षा मोठे दिसत होते. पुढची पायरी ग्रँडमास्टर. त्यासाठी रेटिंग लागतं आणि मोठ्या स्पर्धांत तशीच दमदार कामगिरी तीनदा करून दाखवावी लागते. त्या प्रत्येक कामगिरीला नॉर्म म्हणतात. दादाचं रेटिंग झालं होतं, दोन नॉर्मही झाले होते. तिसरा काही येत नव्हता.

तिसऱ्यासाठी वर्षं गेली. बरोबरीचे मित्र नोकरीला लागले, त्यांची लग्नं झाली. दादा सुकटीची चटणी डब्यात भरून कुठल्या कुठल्या गावांना जायचा, हॉटेलचा अख्खा मजला घमघमवायचा आणि अर्ध्या गुणाने नॉर्म हुकवून परत यायचा. समोर बसणारी पोरं दर वर्षी लहान होत चालली होती. ज्यांचे पाय खुर्चीवरून जमिनीला टेकत नव्हते, तीही त्याला हरवायला लागली. मला त्या पोरांचा राग यायचा. दादाला येत नसे, आणि मला त्याचाही राग यायचा.

आईला डाव कळत नसला तरी दादाने तिला एक खूण शिकवून ठेवली होती. मोठ्या स्पर्धांचे पट यंत्राला जोडलेले असतात आणि प्रत्येक चाल मोबाइलवर दिसते. डाव संपला की खेळाडू दोन्ही राजे उचलून पटाच्या मध्यावर ठेवतात, त्यावरून निकाल कळतो. दोघे पांढऱ्या घरांत असले की पांढरा जिंकला, दोघे काळ्या घरांत असले की काळा. एक पांढऱ्यात आणि एक काळ्यात म्हणजे बरोबरी. आई बोंबलांच्या ढिगाला मोबाइल टेकवून गिऱ्हाईक करायची आणि राजे मध्यावर येण्याची वाट बघायची.

त्या दिवशी मीही रजा टाकून तिच्याजवळ बसले होते. युरोपातल्या स्पर्धेची शेवटची फेरी होती, दादाकडे पांढरी मोहरी होती आणि नुसती बरोबरी झाली तरी तिसरा नॉर्म होता. संध्याकाळी बाजार भरात आला तोवर दादाचा डाव पार बिघडला होता. मला थोडंफार कळतं, मी आईला काही बोलले नाही.

आणि अचानक राजे मध्यावर आले. एक पांढऱ्यात, एक काळ्यात.

"झाला गो! झाला तुजा दादा!" आई अशी ओरडली की शेजारची कोळंबीवाली दचकून उठली. आईने समोरच्या बाईच्या पिशवीत ओंजळभर सुकट तशीच ओतली, माझा फोन घेऊन करंजाच्या मामाशी रडत-हसत बोलायला लागली. मी ढिगाला टेकवलेल्या मोबाइलकडे बघत होते. पांढऱ्या घरातला राजा हळूच सरकला आणि काळ्या घरात जाऊन बसला. दोघेही काळ्यात. खाली निकाल उमटला. दादा हरला होता.

मी ते आईला सांगितलं. ती म्हणाली, "आमी काय आंधले हाव? पंचानी राजा सरकवला."

तेव्हापासून ती बाजारभर हेच सांगत आली. माज्या पोराची बरोबरी झाली होती, पंचाने लबाडी केली. कोन गावच्या मावशीपासून आमच्या सोसायटीच्या वॉचमनपर्यंत सगळ्यांनी त्या परक्या पंचाला यथेच्छ शिव्या घातल्या. घरी शोकेसवर दादाला बक्षीस मिळालेला लाकडी पट होता. आईने त्यावर दोन राजे मांडून ठेवले, एक पांढऱ्यात, एक काळ्यात. रोज पुसायची आणि पुन्हा तसेच ठेवायची.

दादा त्यानंतरही खेळला, पण तिसऱ्या नॉर्मच्या आसपासही गेला नाही. हल्ली खारघरला शिकवण्या घेतो. परवा शेजारच्या नव्या काकू चहाला आल्या आणि आईने पंचाची गोष्ट काढली. दादा शेजारीच ऐकत होता. काकू गेल्यावर तो म्हणाला, "आई, बस कर आता. पंचाने काही केलं नाही. राजे मीच ठेवले होते."

आई कपबश्या गोळा करत होती, ती थांबली.

"मी हरलो होतो. हात मिळवला, कागदावर सही केली, सगळं नीट केलं. राजे ठेवायची वेळ आली आणि आठवलं, तू बघत असशील. काळ्या घरांवर हात जाईना गं. पंचांनी बघितलं आणि राजा जिथे हवा तिथे सरकवला. मला ओरडलेसुद्धा नाहीत."

मला वाटलं, आई कोसळेल. ती कपबश्या मोरीत ठेवून आली, पदराला हात पुसले.

"ठाव हाय मला."

"काय ठाऊक आहे?"

"राजा सरकला तवा मी पन बघत होते. मामाशी बोलत होते म्हनून काय डोले मिटले व्हते? पोरानं हरल्यावर पन आयेसाठी बरोबरी मांडली, ते मला तवाच कललं."

"मग इतकी वर्षं पंचाला शिव्या कशाला घातल्यास?"

"मग काय तुला घालू देऊ लोकांना?"

दादा माझ्या देखत कधी रडला नव्हता. त्या दिवशी रडला, मोठ्या माणसासारखा नाही, हुंदके देऊन. मलाही आवरेना. आई त्याच्या पाठीवरून हात फिरवत उभी राहिली. मग शोकेसकडे गेली, दोन्ही राजे उचलले आणि त्याच्या हातात दिले.

"ठेव बाला पेटीत. लय दमलास तू."