बंद की कुलूप

सगळी वस्ती तिला कॅमेरावाल्या ताई म्हणायची. बावीस वर्षांत तिने गटारात उतरणाऱ्यांवर, घरातून हुसकलेल्या भाडेकरूंवर, कपडे धुऊन हात सोलवटलेल्या बायांवर माहितीपट केले. घरी आईचं एकच पालुपद, "जगाला न्याय मिळवून दे बाई, पण जेवायला तरी वेळेवर ये." आपण कुणाच्या तोंडी आपला शब्द घालत नाही, याचा ताईला भारी अभिमान. जो बोलावेल त्याच्याकडे जाऊन ती हे सांगायचीही.

मग शिवणकारखान्याच्या आगीवरचा माहितीपट आला. तिथे काजं-बटणं करणाऱ्या मावशींची धाकटी बहीण आगीत गेली, मागच्या दाराशी सापडली. "मागच्या दाराला कुलूप होतं," असं मावशी कॅमेऱ्यात बघून म्हणाल्या आणि त्या एका वाक्यावर गुंडाळलेली चौकशी पुन्हा सुरू झाली. मालकाच्या वकिलाने सगळं मूळ चित्रण मागवलं. देण्याआधी ताई संकलकासोबत ते बघायला बसली.

पहिल्यांदा मावशी म्हणत होत्या, "मागचं दार बंद होतं." नेमकं तेव्हाच वरून विमान गेलं. मग ताईचाच आवाज, "पुन्हा एकदा म्हणा हं मावशी. कुलूप होतं ना दाराला, तेच."

संकलकाने चित्रण थांबवलं. "कुलूप आधी तुम्ही म्हणालात?"

"मी मनाचं कशाला म्हणेन?" ताई म्हणाली खरी, पण तिचं डोकं चक्रावलं. कुलपाचं तिला कुणी सांगितलं होतं? की दार बंद म्हटल्यावर तिनेच ते लावून टाकलं? काही केल्या आठवेना. तिने ते चार वेळा ऐकलं, आणि दर वेळी जास्तच गोंधळली.

दुसऱ्या दिवशी सकाळीच ती मावशींकडे गेली. त्या शर्टाला बटण लावत होत्या.

"मावशी, कुलूप तुम्ही डोळ्यांनी पाहिलंत?"

"मी कुठली बघतेय? मी पुढच्या दाराने पळाले." मावशींनी दाताने दोरा तोडला. "तुम्हीच म्हणालात ना कुलूप? मला वाटलं, शिकलेली बाई, चौकशी करून आली असेल. तेव्हापासून जरा झोप लागते बघा. नाहीतर सारखं वाटायचं, दार नुसतं अडकलं असेल. मी मागे फिरले असते, दोघींनी मिळून ढकललं असतं, तर निघालं असतं."

मावशींनी सुई खाली ठेवली.

"होतं ना हो कुलूप, ताई?"