कुणी दिला?

“मास्तर, तुम्ही नका हात लावू. पूजेचा बॉल हाय तो.”

आबा एवढंच बोलले. हळू, हसून. आबा म्हणजे आमच्या कॉलेजचे अध्यक्ष. दसऱ्याच्या मुहूर्तावर सिमेंटच्या नव्या बास्केटबॉल कोर्टचं उद्घाटन होतं. खांबापाशी नारळ फुटला होता. बॉलला हळद-कुंकू लावलं होतं. आबांना पहिला बॉल टाकता यावा म्हणून सर तो उचलून द्यायला वाकले होते. ते तसेच थांबले. मग हात मागे घेऊन पँटला पुसले. हाताला काही लागलं नव्हतं, तरी पुसले.

सर आमचे कोच. मिशनच्या चर्चमागच्या वस्तीतले. आयुष्य त्या मैदानात गेलं. कोर्ट मातीचं होतं तेव्हा पहाटे येऊन स्वतः फक्कीनं रेघा आखायचे. यवत, मांडवगणच्या पोरींच्या घरी जाऊन बापांना पटवायचे, पोरगी हाफपँट घालून खेळणार म्हणून शिव्या खायचे. पूजेसाठी आदल्या दिवशी बॉल साबणानं धुतले तेही त्यांनीच. धुवायला त्यांचा हात चालला.

त्यांचा एक नियम होता. बास्केट पडली की विचारायचे, “कुणी दिला?” टाकणारीनं पास देणारीचं नाव मोठ्यानं घ्यायचं. नाही घेतलं तर बास्केट धरायची नाही.

आबांनी बॉल उचलला आणि मला बोलावलं. मी कॅप्टन. माझं आडनाव त्यांच्या भावकीत खपणारं. म्हणाले, आपल्या पोरीच्या हातनं सुरुवात होऊ दे. मीही चर्चमागचीच, हे त्यांना ठाऊक नव्हतं. सरांना ठाऊक होतं. ते मानेनं खुणावत होते, टाक, गप टाक. त्यांची नोकरी दर वर्षी आबांच्या शब्दावर चालायची.

मी बॉल घेतला, सरळ सरांकडे गेले आणि त्यांच्या हातात दिला. म्हटलं, “सर, पास द्या.”

सरांनी एकदा आबांकडे बघितलं. पण दिला. छातीच्या उंचीवर, नेमका. मी टाकला. रिंगमधून खाली आला.

कुणी काही विचारलं नाही. मग मीच ओरडले, “सरांनी दिला. आन् म्या बी त्यांच्याच वस्तीतली हाय, आबा. आता बॉल काय, कोर्ट बी धुऊन घ्या.”

एक टाळी वाजली नाही. दिवाळीनंतर सरांचं काम बंद झालं. वस्तीतली माणसं माझ्यावर उखडली, सरांच्या अन्नात माती कालवलीस म्हणाली. सरांनी एकदाच विचारलं, “पास बरा हुता का गं?” कासुर्डीच्या एका गोदामावर ते वॉचमन म्हणून बसले. त्यातच गेले. मला त्याचं दुःख आहे. पश्चात्ताप नाही.

आता मी शिरूरला पोरींना शिकवते. मातीच्याच कोर्टवर. परवा आबांचा मुलगा आला. आता अध्यक्ष तोच. म्हणाला, ताई, त्या कोर्टला आबांचं नाव द्यायचंय, सामन्याला तुमची टीम आणा.

मी हो म्हटलं.

जाणार आहे. पोरी बास्केट टाकतील. मी माईक हातात घेऊन विचारीन, कुणी दिला? मला ज्या सरांनी दिला, ज्यांचा पास मी पुढं या पोरींना दिला, त्यांचं नाव पोरींना पाठ आहे. पाटी कुणाचीही लावा. माईक बंद केलात, तर पोरी ओरडून सांगतील.