देवराईतले साग आणि दोन ‘बॉम्बे’

शहापूरहून मुरबाडकडच्या त्या पाड्यावर जायचं मी एका जहाजामुळे ठरवलं. मामाच्या देवराईतले साग इंग्रजांनी तोडून मुंबईच्या गोदीत नेले, त्यांचं ‘बॉम्बे’ नावाचं जहाज झालं आणि देवानं ते जाळलं, असं लहानपणापासून ऐकत होतो. परवा मोबाइलवर वाचलं, सागाचं ‘बॉम्बे’ परदेशी समुद्रात खरंच जळालं होतं. मी हात जोडले आणि सकाळीच बाइक काढली.

किन्हवलीवरून सरळगाव गाठा आणि तिथेच वडापाव खाऊन घ्या, पुढे काही मिळत नाही. पाड्याआधीचे दोन किलोमीटर नुसती खडी. जाऊन-येऊन पेट्रोल तीनशेचं.

लहानूमामा देवराईचे राखणदार. एका फार्महाऊसला देवराईतून रस्ता द्यायचा का, यावर दुसऱ्या दिवशी ग्रामसभा होती. नाचणीची भाकरी आणि वालाची आमटी झाली, मग ओट्यावर जमलेल्या माणसांना मी जहाजाचं वाचून दाखवलं. आगीत खलाशीही गेले होते, ते गाळलं.

मामा खूश झाले. “ऐकला ना? आता आमी कशाला भांडू? तोडू दे. ज्याची झाडा, तो बघून घेल.”

त्यांची सून पारू भांडी घासत होती. “देव जाळल बाबा, पण झाडा परत लावल का?”

“तू गप गो. देवाला शिकवतेस?”

माणसं हसली. मीही हसलो.

संध्याकाळी घरी येऊन उरलेलं वाचलं. ‘बॉम्बे’ नावाची जहाजं एकाहून अधिक होती. दुसरं एक, तेही मुंबईतच सागाचं बांधलेलं, नाव बदलून लढायांतून वाचलं, परक्या बंदरात म्हातारं झालं आणि शेवटी विकलं गेलं. त्याला कुणी जाळलं नाही. आमचे साग कुठल्या जहाजात गेले, कुणालाच ठाऊक नाही.

सभेला अजून एक रात्र होती. मी फोन केला नाही. मामाची श्रद्धा कशाला मोडायची, असं स्वतःला सांगितलं. खरं तर माझीच मोडवत नव्हती.

दुसऱ्या दिवशी ग्रामसभेत रस्त्याच्या विरोधात एकच हात वर झाला, पारूचा.

आज त्या गोष्टीला वर्ष होत आलं. फार्महाऊसला काही झालेलं नाही. मी अजून रोज दिवा लावतो, पण देवाकडे काही मागावंसं वाटत नाही. जाणार असाल तर खडी जाऊन आता थेट देवराईतून डांबर झालंय. पाणी बरोबर ठेवा. तिथे सावली नाही.