काजळकुळाचं कलम

माझी बॅग मीच उघडली. कुणी हात लावला नाही, हे आधी सांगते.

चेन्नईतल्या नुंगंबाक्कममधलं ऑफिस. काचेची मीटिंग रूम. अनिरुद्ध सरांचा महागडा हेडफोन सापडत नव्हता. सर आमच्या टीमचे प्रमुख, पुण्याचे. टेबलाखाली बघून झालं, चार्जरपाशी बघून झालं. मग सर खुर्चीत मागं रेलले आणि सगळ्यांना कळावं म्हणून इंग्रजीत म्हणाले, "आपल्या राज्याचा कायदा काय सांगतो? चोरी झाली की आधी काजळकूळ तपासा."

आणि माझ्याकडे बघितलं.

सगळे हसले. त्यांना तो खेळातला विनोद वाटला. काजळकूळ म्हणजे खरं कोण, हे त्या खोलीत फक्त आम्हा दोघांना ठाऊक होतं.

माझे हात चेनकडे गेले. आपोआप. टेबलावर सगळं ओतलं. डबा, बाच्या ब्लडप्रेशरच्या गोळ्या, कंगवा, पॅड. हसणं थांबलं. शेजारच्या कवितानं पॅड उचलून गुपचूप माझ्या हातात दिलं. तेवढ्यात सरांच्या ड्रायव्हरचा फोन आला. हेडफोन गाडीत राहिला होता.

"चला, पुढचं कलम घेऊ," सर म्हणाले.

आम्ही मोबाईलवरचा एक खेळ बनवत होतो. मेघाद्री नावाचं राज्य, तिथं उडणारे घोडे, बोलणारी नदी. त्या राज्याचा फौजदारी कायदा लिहायचं काम माझ्याकडे होतं. नदीसमोर खोटी शपथ घेतली तर जीभ मुकी. उडत्या घोड्याचे पंख कापले तर हद्दपारी. मला ते काम आवडायचं. गुन्हा काय आणि शिक्षा काय, हे पहिल्यांदाच माझ्या हातात होतं.

ऑफिसात मराठी बोलणारे आम्ही दोघंच. एका दुपारी कॉफी पिताना सरांनी मूळ गाव विचारलं. खूप दिवसांनी कुणीतरी माझ्या भाषेत, आपुलकीनं विचारत होतं. मी सांगत गेले. आम्ही फासेपारधी. इंग्रजांच्या राज्यात आमची जमात जन्मानंच गुन्हेगार ठरवलेली. आज्याला रोज चौकीवर हजेरी. तो कायदा गेला, पण गावात कुठं घर फुटलं की पोलीस आधी आमच्या पालांवर यायचे. माझ्या चुलत्याला असंच उचलून नेलं. तो चौकीतून चालत परत आला नाही.

सरांचे डोळे पाणावले होते. मी पाहिलंय.

मग पुढच्या आठवड्यात कायद्यात त्यांनी स्वतः एक कलम घातलं. "काजळकुळात जन्मलेल्याने रोज सूर्यास्ताला चौकीवर हजेरी द्यावी. चोरी झाल्यास प्रथम त्यालाच धरावे. पुरावा नंतर शोधावा." खेळणाऱ्यानं काजळकुळातला माणूस धरला की त्याला सोन्याची नाणी. शिक्षा तेवढ्या लिहायच्या राहिल्या होत्या. सर मला म्हणाले होते, तूच लिही, घरातलंच आहे तुझ्या, अस्सल उतरेल.

बॅग उघडली त्या संध्याकाळी वेलचेरीला घरी आले. बा आणि मी दोघंच राहतो. बा रेल्वेत होता, तांबरमच्या यार्डात. मद्रासची बदली त्यानं मागून घेतली होती. इथं आपलं आडनाव कुणाला वाचता येत नाही, म्हणायचा. तेच त्याचं सुख. तरी दुकानात शिरला की अजून दोन्ही हात पाठीमागं बांधतो.

मी त्याला बॅगेचं सांगितलं, सरांना जमात सांगितल्याचंही. वाटलं, चिडेल. बानं उठून दार लावून घेतलं. मग म्हणाला, "त्यांना सांगितलंस कशाला, बाई?"

बॅग उघडताना मी रडले नव्हते. तेव्हा रडले. कारण बा माझ्यावर रागावला नव्हता. तो घाबरला होता. एवढ्या वर्षांनी, एवढ्या लांब येऊन.

दुसऱ्या दिवशी मीटिंगमध्ये मी सांगितलं की त्या कलमाच्या शिक्षा मी लिहिणार नाही, आणि ते कलमच काढून टाका. सर हसले. मराठीत, हळूच म्हणाले, "अगं, खोटं जग आहे ते. किती मनाला लावून घेतेस."

"जग खोटं आहे सर. बॅग माझी होती."

मग मी सगळ्यांकडे वळले. मोडक्यातोडक्या तमिळमध्ये, उरलेलं इंग्रजीत, सगळं सांगितलं. माझी जमात कुठली. ते कलम कुणाच्या घरातून उचललंय. काल तुम्ही कशावर हसलात. चुलत्याचं सांगताना मला तमिळ शब्द सापडेना, तेव्हा कवितानं तो हळूच पुरवला. सर लॅपटॉपच्या पडद्याकडे बघत राहिले.

सरांच्या वरच्या मॅडमनी मला बोलावून समजूत घातली. गैरसमज झाला म्हणाल्या, दुसरं काम देतो म्हणाल्या. मी विचारलं, कलम काढणार का? त्या म्हणाल्या, तो निर्णय टीमचा. मी राजीनामा दिला.

खेळ बाजारात आला. कलम तसंच आहे. आमच्या खालच्या मजल्यावरची मुलं जिन्यात बसून खेळतात. काजळकुळातला एकजण हाती लागला की ओरडतात. बा जिना चढताना त्यांच्या बाजूनं भिंतीला खेटून येतो. तो खेळ काय आहे, हे मी त्याला सांगितलेलं नाही.

मागच्या महिन्यात एका कंपनीत मुलाखतीला गेले. स्वतःबद्दल सांगा, म्हणाले. मी जमातीच्या नावापासून सुरुवात केली. समोरच्या बाईंनी पेन खाली ठेवलं. नोकरी मिळाली नाही.

बा म्हणतो, नाव गाळून बाकीचं सांगत जा. बाचं सगळं ऐकते मी. हे ऐकणार नाही. सोमवारी आणखी एक मुलाखत आहे. तिथंही सुरुवात तिथूनच करणार.