फार बारीक वाजवलं

हिबिनोला लोक आता ‘शांततेचा संगीतकार’ म्हणतात. ते ऐकलं की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. बावीस वर्षं मी त्याच्या वाद्यवृंदात व्हिओला वाजवला. त्याच्याइतका आरडाओरडा करणारा माणूस अख्ख्या तोक्योत नव्हता.

मूळचा किर्यूचा, विणकरांच्या गल्लीतला. त्याची आई तोकू चाळीस वर्षं मागावर बसलेली. त्या खडखडाटानं तिचे कान जात चालले होते. युद्धानंतरच्या त्या वर्षांत चित्रपटाला संगीत द्यायचं म्हणजे तीन दिवसांची मुदत, हातात स्टॉपवॉच आणि दिग्दर्शकाचा हुकूम: इथे सत्तेचाळीस सेकंद रडू, तिथे बारा सेकंद तलवारबाजी. हिबिनोनं असले साठ चित्रपट निमूटपणे केले. मग काजिवारा नावाच्या दिग्दर्शकानं त्याला एका विणकर विधवेची गोष्ट दिली आणि हा गडी पेटलाच. त्यानं भांडून तीन आठवडे मागून घेतले.

ध्वनिमुद्रणाच्या दिवशी तो माझ्यावर खेकसला, “गुळगुळीत काय वाजवतोस? मागावर खाडकन धोटा फेकतात तसं वाजव! माझ्या आईला ऐकू गेलं पाहिजे.”

“तुझी आई किर्यूत. इथून कसं ऐकू जाणार?”

“म्हणून तर म्हणतोय, जोरात!”

अडतीस मिनिटांचं संगीत होतं. आमचा ट्रम्पेटवाला एरवी आपली पाळी येईपर्यंत डुलक्या काढायचा. त्या दिवशी तो डोळे पुसत होता. हिबिनो गेला म्हणून मी वाढवून सांगत नाही. तसं संगीत मी पुन्हा वाजवलं नाही.

पहिल्या खेळाला त्यानं आईला बोलावून घेतलं. वर्षभरात कान जवळपास जातील, असं डॉक्टर म्हणाले होते. त्याआधी तिनं हे एकदा ऐकावं, एवढाच त्याचा हट्ट होता. ठेवणीतला किमोनो नेसून म्हातारी पुढे सरसावून बसली. मी मागच्याच रांगेत होतो. पडद्यावर नाव आलं, ‘संगीत: हिबिनो शुसाकु’. मग बायका बोलल्या, दार सरकलं, माग चालला, पाऊस पडला. संगीत नाही. शेवटपर्यंत नाही. काजिवारानं ऐन वेळी सगळं काढून टाकलं होतं आणि सांगायची तसदीही घेतली नव्हती. नावाची पाटी तेवढी आधीच तयार झाली होती, म्हणून राहिली.

दिवे लागले. म्हातारी स्वतःच्या हातांकडे बघत होती.

“शुसाकु, माणसं बोललेली कळली रे. तुझं वाजवणं काही कानावर आलं नाही. गेले वाटतं माझे कान.”

 हिबिनो तिच्या कानाशी वाकून इतक्या मोठ्यानं बोलला की रांगच्या रांग वळली. “कान शाबूत आहेत आई. फार बारीक वाजवलं होतं.”

दुसऱ्या दिवशी तो काजिवाराकडे गेला. मी सोबत होतो.

“साहेब, माझं संगीत?”

“उत्तम होतं,” काजिवारा म्हणाला. “म्हणून तर नको होतं. माझ्या चित्रपटाच्या उरावर बसत होतं ते.”

ध्वनिफीत पुसून दुसऱ्या कामाला लावली होती. आणि समीक्षकांनी काय करावं? त्या शांततेचंच कौतुक मांडलं! संगीतकाराचा संयम, दोन आवाजांमधली जागा, काय नि काय. हिबिनोला वर्षाचं पारितोषिक मिळालं. नाकारावं तर दिग्दर्शकाची अब्रू जाते, म्हणून यानं कमरेत वाकून ते घेतलं. मला अजून त्याचा राग येतो.

पुढे जो तो म्हणे, “हिबिनोसान, आम्हालाही तसलीच शांतता द्या.” सहा वर्षांत अकरा चित्रपटांवर नाव लागलं आणि सगळं मिळून तासाभराचंही संगीत झालं नाही. उरलेला वेळ तो प्यायला. एक्कावन्नाव्या वर्षी यकृतानं दगा दिला.

अंत्यविधीला आम्ही पाच जण वाद्यं घेऊन गेलो. त्या अडतीस मिनिटांतले आपापले भाग आठवून पुन्हा लिहून काढले होते. गज तारांवर टेकवले, तोच काजिवारा उठला. “शांततेच्या या उपासकाला आपण शांततेनंच निरोप देऊ. एक मिनिट.”

मला वाजवता आलं असतं. कोण अडवणार होतं? पण जन्मभर याच लोकांचा भात खाल्लेला, हात हललाच नाही. पाचही जण तारांवर गज ठेवून, माना खाली घालून बसलो.

तोकूआजी पुढ्यातच बसली होती. आता तिला ओरडूनच सांगावं लागे. तिनं आमच्या गजांकडे पाहिलं, गप्प बसलेल्या लोकांकडे पाहिलं आणि माझी बाही ओढली.

“त्याचंच वाजवताय ना रे? छान आहे का?”

त्या शांततेत मी तिच्या कानाशी वाकलो आणि ओरडून म्हणालो, “हो आजी. फार बारीक वाजवतोय.”